उंची कमी म्हणून काढलेला लेफ्ट बॅक

मागच्या अंकात ग्लासगोतल्या दिवसांबद्दल लिहिताना मी अँडी रॉबर्टसन या लेफ्ट बॅकचा, म्हणजे डाव्या बाजूच्या बचावपटूचा, एका वाक्यात उल्लेख केला होता: 'उंची कमी म्हणून सेल्टिकने काढलेला हा मुलगा पुढे स्कॉटलंडचा कप्तान झाला.' त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आली, की या वेळचं सदर त्यालाच दिलंय. नवीन वाचकांसाठी माझी ओळख: मी फिजिओथेरपिस्ट. २००८ ते २०१५ अशी सात वर्षं ग्लासगोच्या दक्षिण भागात, माउंट फ्लोरिडा नावाच्या वस्तीत राहिले. हॅम्पडेन पार्क, म्हणजे स्कॉटलंडचं राष्ट्रीय फुटबॉल मैदान, आमच्या दारातून चालत सात मिनिटांवर होतं.

प्रश्न : ताई, माझा मुलगा चौदा वर्षांचा आहे. लेफ्ट बॅक खेळतो. आमच्या पेठेत त्याच्या डाव्या पायाचं सगळे कौतुक करतात. दोन वर्षं तो एका अकॅडमीत होता. मे महिन्यात त्यांनी 'उंची कमी पडते' एवढंच सांगून त्याला काढलं. तेव्हापासून त्याने बूट माळ्यावर टाकलेत. रॉबर्टसनचं नक्की काय झालं होतं ते सविस्तर सांगाल का? मी त्याला वाचून दाखवणार आहे. (एक आई, कोल्हापूर)

वाचून दाखवणार आहात, म्हणून त्याला समोर बसवून सांगावं तसंच लिहिते.

अँडी रॉबर्टसनचा जन्म ११ मार्च १९९४ चा, ग्लासगोचा. शाळा शहराच्या दक्षिणेकडच्या गिफ्नॉकमधली, सेंट निनियन्स हायस्कूल. घरचे सगळे सेल्टिकचे पाठीराखे. ग्लासगोत सेल्टिक आणि रेंजर्स हे दोन क्लब म्हणजे काय, ते कोल्हापूरकरांना फार समजावून सांगायला नको. कुठल्या पेठेचा, कुठल्या तालमीचा, हे तुमच्याकडे जसं पोराच्या नावाआधी विचारतात, तसंच तिथेही. अँडी लहानपणीच सेल्टिकच्या युवा संघात गेला. आणि पंधराव्या वर्षी त्याला सांगण्यात आलं, की तू लहानखुरा आहेस, पुढे ठेवता येणार नाही. ज्या तालमीचा झेंडा घरावर लावला, त्याच तालमीने दार लावून घेतलं. तुमच्या मुलाला काय वाटत असेल याची मला कल्पना आहे, आणि बूट माळ्यावर टाकण्याबद्दल त्याला कोणी रागावू नये असं मला मनापासून वाटतं. थोडे दिवस राहू देत तिथे.

आधी माझ्या धंद्याचं थोडं बोलते, कारण 'उंची कमी' हा शेरा वाचून मला फार राग आला. मुलांची उंची सगळ्यात झपाट्याने वाढते ती साधारण तेराव्या-चौदाव्या वर्षी. पण हे सरासरीचं झालं. कोणाचं बाराव्याच वर्षी होऊन जातं, कोणाचं सोळाव्याला सुरू होतं. एकाच बाकावर बसणाऱ्या दोन मुलांच्या हाडांच्या वयात दोन-तीन वर्षांचा फरक असू शकतो. म्हणजे चौदा वर्षांच्या संघात एखादा मुलगा शरीराने सोळाचा असतो आणि शेजारचा बाराचा. त्या दिवशी धक्काबुक्कीत पहिला जिंकतो, बघणाऱ्याला तोच 'चांगला' दिसतो. स्कॉटलंडच्याच संघातला स्कॉट मॅकटॉमिने स्वतः सांगतो, की अठराव्या वर्षी तो जेमतेम ५ फूट ६ इंच होता. आज तो मैदानातल्या सगळ्यात उंच खेळाडूंपैकी एक आहे, सहा फुटांच्या बराच वर. रॉबर्टसन तसा ताडमाड झाला नाही. तो ५ फूट १० इंचांवर थांबला, आणि लेफ्ट बॅकला तेवढी उंची पुरते.

एक गोष्ट मात्र नक्की बघा. या वयात मुलाच्या गुडघ्याच्या वाटीखाली, नडगीच्या वरच्या टोकाला टेंगूळ आल्यासारखं होऊन दुखत असेल, तर 'खेळाडू आहेस, सहन कर' असं म्हणू नका. वाढत्या हाडाला स्नायूचा ताण पडून ते होतं. काही आठवडे धावणं-उड्या कमी केल्या की बहुतेक वेळा आपोआप शांत होतं. तरीही एकदा डॉक्टरांना दाखवा.

आता पुढचं. सेल्टिकने काढलेला पंधरा वर्षांचा अँडी क्वीन्स पार्क नावाच्या क्लबच्या युवा संघात गेला. हा क्लब समजला नाही तर रॉबर्टसन समजत नाही, म्हणून इथे जरा थांबते.

क्वीन्स पार्क हा स्कॉटलंडमधला सगळ्यात जुना फुटबॉल क्लब, १८६७ सालचा. मी तिथे होते तेव्हा तो पूर्णपणे हौशी होता. खेळाडूला पगार नाही. क्लबचं लॅटिन ब्रीदवाक्य आहे, त्याचा अर्थ 'खेळण्यासाठी खेळायचं'. आणि गंमत म्हणजे हॅम्पडेन पार्क हे एवढं मोठं राष्ट्रीय मैदान त्या वेळी या बिनपगारी क्लबच्या मालकीचं होतं. त्यामुळे जवळजवळ ५२ हजार खुर्च्यांच्या त्या मैदानात दर पंधरा दिवसांनी, शनिवारी दुपारी तीनला, चौथ्या थरातले सामने व्हायचे. त्या विभागाला नाव 'थर्ड डिव्हिजन', पण वरून मोजलं तर चौथा. बघायला माणसं पाचसहाशे.

माझे मिस्टर शनिवारी कामावर असायचे. मी पोराला घेऊन हॅम्पडेनला जायचे. एकच स्टँड उघडा असायचा, बाकी तिन्ही बाजूंना रिकाम्या खुर्च्यांची रांगच्या रांग. डिसेंबरात तीनला सुरू झालेला सामना संपेपर्यंत अंधार पडलेला असायचा. लोक हातात गरम पाय घेऊन बसायचे. पाय म्हणजे वाटीएवढा, कडक कडांचा, आत खिमा भरलेला. पहिला घास घेतला की आतला रस हमखास हातमोज्यावर सांडणार. मी चहा घ्यायचे. प्रेक्षक इतके कमी, की मैदानातला प्रत्येक शब्द ऐकू यायचा. चेंडूला लाथ बसल्याचा आवाज समोरच्या रिकाम्या स्टँडवर आपटून परत यायचा. एक लाथ दोनदा ऐकू यायची.

२०१२ च्या उन्हाळ्यात गार्डनर स्पीअर्स या प्रशिक्षकाने अठरा वर्षांच्या रॉबर्टसनला मुख्य संघात घेतलं. मला नाव नंतर कळलं. आधी दिसलं ते एवढंच, की डाव्या बाजूच्या रेषेवरून एक काटकुळं पोरगं सारखं वर जातंय आणि सारखं परत येतंय. चेंडू मिळाला नाही तरी परत वर. माझा मुलगा तेव्हा सहा वर्षांचा. तो मोजायचा, 'आई, आता अकरावी फेरी.' चेंडू कुठे आहे याकडे त्याचं लक्षच नसायचं.

त्याच वर्षीच्या १८ ऑगस्टला या मुलाने ट्विटरवर एक ओळ लिहिली, ती आता जगभर माहीत आहे. मराठीत सांगायची तर अशी: या वयात खिशात पैसे नसले की आयुष्य भिकार असतं, नोकरी हवीय. शाळा संपली होती. विद्यापीठात जायचं की एक वर्ष फुटबॉलला द्यायचं, हा प्रश्न घरात होता. क्लब पगार देत नव्हता. मग त्याने मार्क्स अँड स्पेन्सरच्या दुकानात गल्ल्यावर काम केलं. आणि हॅम्पडेनच्याच कचेरीत बसून तिकिटांसाठी येणारे फोन घेतले. ज्या मैदानावर शनिवारी खेळायचं, त्याच मैदानावर आठवडाभर दुसऱ्यांच्या कार्यक्रमांची तिकिटं विकायची. कोणी सांगावं, मी कधी फोन केला असेल तर त्यानेच उचलला असेल!

त्या हंगामाने त्याला एक संधी आपोआप आणून दिली. आर्थिक डबघाईमुळे ग्लासगोच्या बलाढ्य रेंजर्सना २०१२ मध्ये थेट सगळ्यात खालच्या विभागात टाकण्यात आलं होतं. म्हणजे क्वीन्स पार्कच्या बिनपगारी पोरांसमोर रेंजर्स! २९ डिसेंबर २०१२ ला हॅम्पडेनवर ३० हजारांहून जास्त माणसं आली. आमच्या गल्लीत गाड्यांना जागा उरली नाही, आमच्या शेजारच्या आजी दारात उभ्या राहून लोकांना रस्ता दाखवत होत्या. रेंजर्सना जिंकायला शेवटच्या मिनिटांपर्यंत थांबावं लागलं, तेही एका गोलने. पाचसहाशे माणसांसमोर खेळणाऱ्या त्या पोराने त्या दिवशी ३० हजारांसमोर त्याच फेऱ्या मारल्या. क्वीन्स पार्क त्या हंगामात तिसरा आला.

इथून पुढचं सगळीकडे छापून आलंय, म्हणून भरभर सांगते. २०१३ च्या उन्हाळ्यात डंडी युनायटेडने त्याला घेतलं. तिथला बॅरी डग्लस पोलंडला निघाला होता आणि लेफ्ट बॅकची जागा मोकळी झाली होती. हा डग्लसही क्वीन्स पार्कमधूनच आलेला. एका वर्षात अँडी स्कॉटलंडमधला सर्वोत्तम तरुण व्यावसायिक खेळाडू ठरला, आणि ५ मार्च २०१४ ला, विसावा वाढदिवस सहा दिवसांवर असताना, पोलंडविरुद्ध देशासाठी उतरला. त्या ट्विटला तेव्हा दोन वर्षंसुद्धा झाली नव्हती. जुलै २०१४ मध्ये इंग्लंडच्या हल सिटीने २८ लाख ५० हजार पौंड मोजून त्याला नेलं. हल तीन हंगामांत दोनदा खालच्या विभागात घसरला, मधे एकदा वर आला. जुलै २०१७ मध्ये लिव्हरपूलने साधारण ८० लाख पौंडांना त्याला घेतलं.

आणि लिव्हरपूलमध्ये तो आधी राखीव बाकावर बसला. हे मुलाला नीट वाचून दाखवा. पहिले तीन-चार महिने लेफ्ट बॅकची जागा अल्बेर्तो मोरेनोची होती. डिसेंबरात मोरेनोला दुखापत झाली तेव्हा कुठे अँडीला सलग सामने मिळाले. मग आला १४ जानेवारी २०१८, मँचेस्टर सिटीविरुद्धचा सामना. लिव्हरपूल ४-३ ने जिंकलं, पण मला त्यातला गोल एकही आठवत नाही. आठवते ती त्याची एक धाव. डाव्या बाजूला एकाच्या अंगावर गेला, त्याने पास दिला, हा दुसऱ्याच्या अंगावर, तिथून तिसऱ्याच्या, मग थेट गोलरक्षकापर्यंत, आणि तिथून वळून परत चेंडूच्या मागे. सगळं मैदान उभं राहिलं. शेवटी फाउल झाला, चेंडू काही मिळाला नाही. मी घरी टीव्हीसमोर होते. बारा वर्षांचा झालेला माझा मुलगा म्हणाला, 'आई, हा तोच.' त्याने चेहऱ्यावरून ओळखलं नव्हतं, फेऱ्यांवरून ओळखलं होतं.

पुढे २०१९ चा चॅम्पियन्स लीग करंडक, २०२० ची इंग्लिश लीग, आणि २०१८ पासून स्कॉटलंडचं कप्तानपद.

आता तुमच्या मुलाबद्दल. रॉबर्टसनची गोष्ट 'जिद्द ठेवा, जग जिंका' अशी सांगितली जाते. मला ती तशी दिसत नाही. जिद्द हजारो मुलांत असते. त्याच्याजवळ जे होतं आणि पुष्कळांजवळ नसतं ते म्हणजे काढून टाकल्यानंतर खेळायला जागा. दार बंद झालं, आणि चार मैलांच्या आत दुसरा एक क्लब होता, जो त्याला पगार देणार नव्हता पण दर शनिवारी मैदानात उतरवणार होता. तुम्ही लगेच दुसरी नामांकित अकॅडमी शोधू नका. जो संघ त्याला पूर्ण सामना खेळवेल असा संघ शोधा. मोठ्या क्लबच्या राखीव बाकापेक्षा लहान मैदानावरची नव्वद मिनिटं या वयात कितीतरी मोलाची. तुमच्या शहरात तालमींची मैदानं आहेत, ईर्षेने खेळणारी पोरं आहेत, शाहू स्टेडियमवर सामन्याला गर्दी करणारी माणसं आहेत. महाराष्ट्रात ही गोष्ट दुसऱ्या कुठल्या शहरातल्या आईला मी इतक्या खात्रीने लिहू शकले नसते. आणि शाळा सोडू देऊ नका. अँडीने आधी शाळा पुरी केली होती.

प्रश्न : स्कॉटलंड हा ब्रिटनचा भाग. ऑलिम्पिकला ते सगळे मिळून एक संघ पाठवतात. मग फुटबॉलमध्ये स्कॉटलंडचा वेगळा संघ कसा? (एक विद्यार्थी, नांदेड)

कारण संघ आधी आला, जागतिक संघटना नंतर. फिफाची स्थापना १९०४ ची. स्कॉटलंड आणि इंग्लंड यांच्यातला जगातला पहिला अधिकृत आंतरराष्ट्रीय फुटबॉल सामना ३० नोव्हेंबर १८७२ चा. ग्लासगोच्या पार्टिक भागातल्या एका क्रिकेटच्या मैदानावर तो झाला. पुढच्याच वर्षी स्कॉटलंडची स्वतःची फुटबॉल संघटना उभी राहिली. तीसेक वर्षं चालत आलेली घडी मग कोणी मोडली नाही.

त्या सामन्यात स्कॉटलंडचे अकराच्या अकरा खेळाडू क्वीन्स पार्कचे होते! इंग्लंडचे खेळाडू अंगाने धिप्पाड. एकाने चेंडू घ्यायचा आणि अंगावर येईल त्याला चुकवत एकट्याने पळायचं, ही त्या काळची रीत. क्वीन्स पार्कवाले अंगाने हलके. त्यांनी चेंडू एकमेकांना द्यायला सुरुवात केली. आज आपण ज्याला पासिंग म्हणतो त्याची ही एक मोठी सुरुवात मानली जाते. सामना ०-० असा सुटला. दीडशे वर्षांपूर्वीसुद्धा 'हे लहान आहेत' याला उत्तर मैदानावरच मिळालं होतं, हे मघाच्या कोल्हापूरच्या मुलालाही सांगायला हवं.

प्रश्न : तुम्ही रॉबर्टसनचं कौतुक करता, पण मला बिली गिल्मर आवडतो. त्याला कोणी काढून टाकलं नाही, लहानपणीच हेरलं गेलं. मुलांसाठी हा रस्ता जास्त चांगला नाही का? (फुटबॉलवेडे आजोबा, मडगाव)

गिल्मर मलाही फार आवडतो. आजोबा, तुम्ही गोव्यातले, चेंडू पायात ठेवणारा खेळाडू तुम्हाला आवडणारच.

बिलीचा जन्म ११ जून २००१ चा. तो आयरशायरच्या किनाऱ्यावरच्या आर्ड्रॉसन गावात वाढला. अॅरन बेटावर जाणारी बोट तेव्हा याच गावातून सुटायची. आम्ही दोनदा त्या बोटीने गेलो. वारा असा, की धक्क्यावर उभं राहवत नाही. आठव्या वर्षी तो रेंजर्सच्या युवा संघात गेला. मग स्कॉटलंडच्या फुटबॉल संघटनेची नवी योजना आली, ती मला फार शहाणपणाची वाटते. २०१२ पासून देशभरात सात सरकारी शाळा निवडून, अभ्यासाच्या वेळापत्रकातच रोज फुटबॉलचा तास ठेवला. मुलाने पहाटे एकीकडे, संध्याकाळी दुसरीकडे धावायचं नाही. बिली किल्मार्नॉकच्या ग्रेंज अॅकॅडमी या शाळेतून या योजनेत शिकला. पंधराव्या वर्षी तो रेंजर्सच्या मोठ्या खेळाडूंबरोबर सराव करत होता. २०१७ मध्ये, सोळाव्या वर्षी, चेल्सीने साधारण ५ लाख पौंड देऊन त्याला लंडनला नेलं.

अंगाने तो रॉबर्टसनपेक्षाही लहान, ५ फूट ७ इंच. ३ मार्च २०२० ला इंग्लंडच्या एफए कप स्पर्धेत चेल्सीने लिव्हरपूलला २-० हरवलं तेव्हा अठरा वर्षांचा हा मुलगा सामनावीर ठरला. पाच दिवसांनी एव्हर्टनविरुद्ध पुन्हा तोच.

आणि मग १८ जून २०२१. युरो स्पर्धा, वेम्ब्ली, समोर इंग्लंड. स्कॉटलंडकडून सुरुवातीपासून खेळण्याची त्याची ही पहिलीच वेळ. मी पुण्यात मध्यरात्रीनंतर एकटी बघत बसले होते. तो बचावपटूंकडून चेंडू घ्यायचा, पाठीवर माणूस असतानाच मान वळवून आधी मागे बघायचा, आणि मगच चेंडूला स्पर्श करायचा. ही मान वळवायची सवय तुमच्या नातवाला दाखवा, आजोबा. चेंडू यायच्या आत दोनदा, तीनदा. उंचीला त्याने दिलेलं उत्तर हेच आहे. धक्का द्यायला कोणी पोचायच्या आत चेंडू निघून गेलेला असतो. सामना ०-० सुटला, १८७२ सारखाच, आणि सामनावीर बिली. डाव्या बाजूला कप्तान रॉबर्टसन होता. सेल्टिकने काढलेला आणि रेंजर्सने जपलेला, एकाच संघात.

तीनच दिवसांनी त्याची कोविड चाचणी सकारात्मक आली. क्रोएशियाविरुद्धचा निर्णायक सामना त्याने खोलीत बसून बघितला. स्कॉटलंड ३-१ ने हरून स्पर्धेबाहेर गेलं. मला आजही त्याची हळहळ वाटते. नंतर चेल्सीने त्याला एका हंगामासाठी नॉर्विचला दिलं, तो क्लब खालच्या विभागात गेला आणि प्रेक्षकांचा राग या वीस वर्षांच्या पोरावर निघाला. २०२२ मध्ये ब्रायटन, तिथेही आधी बराच काळ बाकावर. २०२४ च्या ऑगस्टअखेर नापोली. तिथे मॅकटॉमिनेच्या सोबतीने २०२५ मध्ये इटलीचं लीग विजेतेपद.

तेव्हा कुठला रस्ता चांगला? मला विचाराल तर बिलीची शाळा आणि अँडीचा क्लब, दोन्ही हवेत. आठव्या वर्षी हेरलं गेल्याने बाकावर बसणं काही चुकलं नाही. फक्त ते वीस वर्षांचा असताना, आणि सगळ्या देशाच्या नजरेसमोर वाट्याला आलं. अँडीचं मोडणं पंधराव्या वर्षी झालं, घरच्यांखेरीज कोणाला दिसलं नाही. मला ते जास्त सोसण्यासारखं वाटतं, पण इथे तुमचं मत वेगळं असेल तर जरूर लिहा.

प्रश्न : मावशी, मी अकरा वर्षांची आहे. आमच्या शाळेत मी एकटीच मुलगी मुलांबरोबर फुटबॉल खेळते. स्कॉटलंडमध्ये अशी कोणी आहे का? (रत्नागिरी)

आहे ना! एरिन कथबर्ट. ती बिली गिल्मरच्याच आयरशायरची, जन्म १९ जुलै १९९८. लहानपणी मुलांमध्ये खेळूनच मोठी झाली. ग्लासगो सिटी या संघातून पुढे चेल्सीला गेली. २०१९ मध्ये स्कॉटलंडच्या मुली पहिल्यांदा विश्वचषकाला गेल्या. अर्जेंटिनाविरुद्ध तिने गोल केला, आणि नडगीला बांधतात त्या पॅडमधून एक फोटो काढून कॅमेऱ्यासमोर धरला. तिचा स्वतःचा लहानपणीचा फोटो! पूर्ण सामनाभर तिने तो पायाशी बांधून ठेवला होता. स्कॉटलंड ३-० वर असताना शेवटी ३-३ झालं आणि त्या बाहेर पडल्या, तेव्हा मी रडले. तू नडगीचे पॅड घालतेस ना? घालत नसशील तर आईबाबांना सांगून आधी ते घे, मुलांच्या बुटांचे खिळे फार लागतात.

प्रश्न : तुमची अशी उदाहरणं वाचून पालक भरकटतात. हजारात एक रॉबर्टसन होतो. बाकी नऊशे नव्व्याण्णवांचं काय? (निवृत्त मुख्याध्यापक, सांगली)

सर, तुमचा प्रश्न रास्त आहे आणि मी तो टाळणार नाही. २०१२-१३ च्या त्या क्वीन्स पार्क संघातल्या बहुतेकांची नावं आज कोणाला माहीत नाहीत. कोणी नोकरीला लागले असतील, कोणी शिकायला गेले असतील. मी त्यांना पंधरवड्यातून एकदा बघत होते. पाऊस, अंधार, रिकाम्या खुर्च्या, आणि तरी कोणी शेवटच्या मिनिटाला धावणं सोडत नसे. त्यांच्या वाट्याला आलेला खेळ मला वाया गेलेला वाटत नाही. रॉबर्टसनला ज्यांनी दर शनिवारी पास दिले ते हेच. असे दहाजण नसते तर तो एक कुठे खेळला असता?

तुमच्या म्हणण्याला आणखी एक आधार मीच देते. २०१९ च्या नोव्हेंबरात क्वीन्स पार्कच्या सभासदांनी मतदान करून हौशीपणाचा नियम सोडला. हौशी खेळाडूला क्लब कराराने बांधून ठेवू शकत नव्हता, त्यामुळे तयार झालेलं पोर कोणीही उचलून न्यायचं. बातमी वाचली तेव्हा मला वाईट वाटलं. दीडशे वर्षं टिकलेलं काहीतरी गेलं असं वाटलं. पण पोरं घडवणाऱ्याने उपाशी का राहायचं, हेही खरं. हॅम्पडेनही आता त्यांच्या मालकीचं नाही, ते स्कॉटलंडच्या फुटबॉल संघटनेकडे गेलं.

आणि त्या संघातून एकटा रॉबर्टसनच वर आला असंही नाही, सर. पुढच्या फळीत तेव्हा सतरा वर्षांचा लॉरेन्स शँकलंड होता. त्याचा रस्ता अँडीपेक्षा खूप लांबचा, वळणावळणाचा, कितीतरी क्लब बदललेला. १८ नोव्हेंबर २०२५ च्या रात्री हॅम्पडेनवर स्कॉटलंड विरुद्ध डेन्मार्क होता, जिंकला तर २०२६ च्या विश्वचषकात थेट प्रवेश, १९९८ नंतर पहिल्यांदा. आपल्याकडे तेव्हा रात्रीचा सव्वा वाजला होता. माझा मुलगा आता एकोणीस वर्षांचा, दुसऱ्या शहरात शिकतो, आम्ही दोघं फोन चालू ठेवून बघत होतो. मॅकटॉमिनेने तिसऱ्याच मिनिटाला हवेत उलटी लाथ मारून गोल केला. डेन्मार्कने बरोबरी केली. ७८ व्या मिनिटाला शँकलंडने स्कॉटलंडला पुन्हा पुढे नेलं. पुन्हा बरोबरी. मग भरपाईच्या वेळेत किअरन टिअर्नीचा गोल, आणि अगदी शेवटी केनी मॅकलीनने मध्यरेषेजवळून उंच टोलावलेला चेंडू थेट जाळ्यात. ४-२.

कॅमेरा कप्तानावर गेला तेव्हा पहाटेचे सव्वातीन वाजले होते. फोनवर मुलगा म्हणाला, 'आई, सगळ्या खुर्च्या भरल्यात बघ.'